तळ्यावरची हाक

रतनबाईने झाडू भिंतीला टेकवला, चिंगीला मागच्या दाराने थेटरात घेतलं आणि कडेच्या खुर्चीत दाबून बसवलं.

"बघ आन् ऊठ. मालकाला कळलं तर माजी झाडलोट गेली."

लोणावळ्याच्या या थेटरात रविवारी सकाळी मल्याळी सिनेमा लागायचा. बाहेर 'फक्त प्रौढांसाठी' अशी पाटी, आणि आत मल्याळी माणसांपेक्षा गावातल्या टग्यांचीच गर्दी. भाषा कळते कुणाला, आणि हवी तरी कुणाला!

गेल्या हिवाळ्यात तुंगार्लीच्या तळ्यावर मद्रासकडची मंडळी सिनेमा काढायला आली होती. चिंगीचा नवरा कान्हू त्यांचं सामान वाहायचा. आता त्याच सिनेमात चिंगी आंघोळ करताना दिसते, पैसे घेऊन उभी राहिली, अशी वाडीभर बोंब झाली होती. कान्हूने हात झटकले होते. बायकोला माहेरी धाडतो म्हणत होता. दुपारी पंच बसायचे होते. ती बाई दुसरीच कुणी असणार, हे डोळ्यांनी बघून ठणकावून सांगायला चिंगी आली होती.

पडद्यावर बंगल्यातली कुणी बाई रडत होती. मधेच, कशाचा कशाला पत्ता नसताना, तळं आलं. ओले केस, उघडी पाठ. चिंगीच होती. शिट्ट्या सुरू झाल्या. तिने मेल्याहून मेल्यागत होऊन पदर तोंडात कोंबला. तेवढ्यात पडद्यावरची चिंगी वळली आणि सगळ्यांकडे बघून खुदकन हसली.

"राजीखुशीनं हाय रं!" पुढून कुणी ओरडला.

चिंगीला ते हसू आठवलं. त्या दिवशी कारवीच्या जाळीतून कान्हूने लाडाने हाक मारली होती, आणि ती त्याच्याकडे बघून हसली होती. म्हणजे सिनेमावाल्यांचं यंत्र त्याच जाळीत, त्याच्या शेजारीच होतं. लोकांनी पाहिलं ते सोसता आलं असतं. हे सोसवेना.

दुपारी पंचांतला म्हातारा बारकू म्हणाला, "बोल पोरी. तूच हायस का त्यात?"

"व्हय आबा, मीच."

"आयकलं न्हवं?" कान्हू पुटपुटला.

चिंगी उठली आणि त्याच्याकडे पाठ करून उभी राहिली.

"त्या दिशी जाळीतनं मारलीती, तशी एक हाक मारा. मी कुणाला हसले ते आबांस्नी बी दिसू द्या."

कान्हूने तोंड उघडलं. आवाज काही फुटेना. बारकूआबांची नजर चिंगीवरून हळूहळू त्याच्याकडे वळली.

चिंगी तशीच पाठमोरी उभी होती.