दोर कापल्यावरची शिट्टी

मी एक जुनी शिट्टी आहे. पितळेची, तोंडाकडे दातांनी झिजलेली, पोटात लाकडाचा एक मणी असलेली. तो मणी मी चुकून गिळलेला नाही. मला घडवणाऱ्यानेच तो घातला, आवाज थरथरावा म्हणून. सरळ आवाजाकडे आपल्याकडे कोण वळून बघतो?

मित्रांनो, तलवारीचे आत्मवृत्त तुम्ही वाचले असेल, तोफेचे वाचले असेल, एखाद्या इमानी घोड्याचेही वाचले असेल. शिट्टीचे वाचले नसेल. तलवारीने काय केले ते सगळ्यांना दिसते. शिट्टी वाजल्यामुळे जे घडायचे राहून गेले, ते दाखवायचे कसे?

फौजेत मी केरबाच्या गळ्यात आले. केरबा विट्याकडच्या माळावरच्या एका गावचा. तिथे घरटी एक माणूस फौजेत, नाहीतर सोने गाळायच्या दुकानात परमुलखी. केरबा हवालदार होता, पुढे सुभेदार झाला. त्याने मला दोनच गोष्टी बोलायला शिकवल्या. एक लांब म्हणजे 'चला'. तीन आखूड म्हणजे 'परत फिरा'. आणि दुसरी गोष्ट तो जवानांकडून जास्त घोटून घ्यायचा.

"चला म्हणल्यावर कोण बी चालतंय," तो म्हणायचा. "फिर म्हणल्यावर फिरतोय त्यो शिपाई. आन् फिर म्हणायची ज्याला लाज वाटत न्हाई, त्यो सुभेदार."

एकदा बर्फाच्या उतारावर आमची तुकडी माथ्याजवळ पोचली होती. तेवढ्यात वारा बदलला. केरबाने मला ओठात धरले आणि तीन आखूड फुंकल्या. जवान कुरकुरत खाली उतरले. साहेबांनी विचारले, "सुभेदार, डर गए?" केरबा म्हणाला, "जी, साहब."

आता तुम्ही वाट बघत असाल, की मग कडा कोसळला असेल. नाही. काहीच झाले नाही. दुसऱ्या दिवशी दुसरी तुकडी वर गेली, माथ्यावर चहा करून प्यायली आणि पदक घेऊन आली. आमच्या तुकडीला जेवण मिळाले. रोजचेच.

ही गोष्ट केरबाच्या आधी गावात पोचली. निवृत्त होऊन तो आला, तेव्हा पारावर गावचा टवाळखोर जोतीराम टपलेलाच होता.

"सुभेदार, आवं माथा हाताच्या अंतरावर, आन् तुमी माघारी आलासा?"

"व्हय."

"बरफ पडलं का?"

"न्हाई."

"दुश्मन व्हता?"

"न्हाई."

"मग?"

"वारा बदलला व्हता."

"आयला! वाऱ्याला भिऊन आला की गडी!"

"व्हय गड्या," केरबा तंबाखू मळत म्हणाला. "सगळीच भिऊन आली. आता त्यांच्या पोरांची लग्नं व्हायला लागल्यात."

काही वर्षांनी केरबा वारला. त्याचा पुतळा झाला नाही. न घडलेल्या गोष्टीचा पुतळा करणारा कारागीर अजून जन्मायचा आहे.

मी त्याच्या मुलाकडे, धनाजीकडे आले. धनाजीही भरतीला उतरला होता. उंची बसली, छाती बसली, धावणे तेवढे बसले नाही. तेव्हा त्याने धावणे शिकवायची अकॅडमी काढली. माळावर पत्र्याची शेड, मागे पवनचक्क्या, पुढे मैदान. स्वयंपाकघर त्याच्या आईने, राहीबाईने, सांभाळले. पोरे-पोरी लांबून लांबून आली. आपल्या भागात वर्दीसाठी पोरे जेवढा घाम गाळतात, तेवढे पाणी एखाद्या कालव्याला नसेल.

धनाजीचे भाषण मात्र बसले होते. रोज सकाळी तो 'नेतृत्वाचे धडे' द्यायचा. जहाजे जाळून सैन्याचा परतीचा रस्ता बंद करणारा सेनापती. हत्ती घेऊन बर्फाचे डोंगर ओलांडणारा सेनापती. कधीच न वाकलेला कोणी परदेशी पंतप्रधान. तो किती वेळा वाकला ते पुस्तकाच्या पुढच्या पानांवर होते, आणि धनाजी पहिल्या पानांचा वाचक. त्याचा सगळ्यांत लाडका होता आपल्याच मुलखातला वीर, कडा चढून गेल्यावर गडाचे दोर कापून टाकणारा. ज्या राजासाठी ते दोर कापले, तो राजा मात्र वेळ पाहून किल्ले देऊन टाकायचा, वेढ्यातून रातोरात निसटायचा, आणि म्हणून पुढे राज्य उभे राहिले. हा धडा धनाजीच्या वेळापत्रकात नव्हता. त्याला टाळ्या कमी पडतात.

मग धनाजीने अकॅडमीत एक रिवाज पाडला. दर रविवारी पोरे रांगेत उभी राहायची, मागे एक दोर ताणलेला असायचा आणि पाहुण्याच्या हातून तो कुऱ्हाडीने तोडायचा. दोर तुटला की पवनचक्कीच्या टेकडीला वळसा घालूनच परत यायचे. मधून फिरेल त्याच्या मनगटाला तुटक्या दोराचा तुकडा आठवडाभर. आणि मी? दोर तुटला की धनाजी मला खिशात टाकून वर बटण लावायचा. "आता शिट्टी न्हाई!" तो ओरडायचा. लोक मोबाईल वर करून चित्रण करायचे. खिशात बसून मीही ऐकायचे. फार रोमांचक वाटायचे, असे बाहेर असलेले म्हणायचे.

मे महिन्यातली गोष्ट. पोरांमध्ये कैफ नावाचा एक होता. त्याची आई जरिना विट्यात शिवणकाम करायची. कैफचे भरतीचे वय संपत आले होते. पुढच्या आठवड्यातली भरती ही त्याची शेवटची. रविवारी सकाळी त्याच्या अंगात ताप होता. बरोबरच्या क्रांती नावाच्या मुलीने धनाजीला सांगितले.

"सर, कैफचं आंग भाजतंय. आज राहू द्या त्याला."

"तापात लढाया जिंकल्यात लोकांनी, क्रांते."

कैफच म्हणाला, "पळतो सर. नाव कमी करू नका."

त्या दिवशी पाहुणे होते बिरदेवशेठ. दक्षिणेत सोने गाळायचे त्यांचे मोठे दुकान. ते मैदानाला नवी शेड बांधून देणार होते. ते आले ऊन चढल्यावर, म्हणून दोरही ऊन चढल्यावरच तुटला. पोरे सुटली. बटण लागले.

बराच वेळ गेला. मग कोणीतरी उलट धावत आल्याचा आवाज आला. क्रांती होती.

"सर, टेकडीच्या अलीकडं खिंडीत कैफ पडला! उठंना. शिट्टी मारा, कुणीतरी वळून बघंल, उचलून आणू."

"पडलाय तर उठंल. तू का फिरलीस?"

"सर, त्याचं डोळं..."

राहीबाई स्वयंपाकघरातून पिठाच्या हातांनी बाहेर आली. "धना, शिट्टी मार."

"आई, पाव्हणं बसल्यात."

"पाव्हणं बसल्यात ते बसूं देत की. त्यो पडलाय न्हवं!"

"दोर तुटलाय आई. आता मी शिट्टी मारली, तर उद्या कोन माझं ऐकंल?"

मित्रांनो, मला स्वतःचा श्वास नाही. माझ्या अंगावर धनाजीचे काळीज आपटत होते, ते मला चांगले कळत होते. त्यालाही शिट्टी मारायची होती. पण बटण काढायला हात वर गेला, की समोर माणसे होती.

पोरांनी टेकडीला पूर्ण वळसा घातला. येताना खिंडीतून कैफला उचलून आणले. दवाखान्यात पोचेपर्यंत तो गेलेला होता.

चौकशी झाली. ऊन दोषी ठरले. उन्हावर पुढे काय कारवाई झाली ते मला माहीत नाही. शोकसभेत धनाजी फार चांगले बोलला. "माघार न्हाई, हे कैफनं आपल्याला शिकवलं," असे म्हणताना तो खरोखर रडला. शेडच्या दारावर कैफचा फोटो लागला. त्या महिन्यात प्रवेशाला जास्त पोरे आली.

जरिना कैफचे बूट न्यायला आली. धनाजी घरात बसून राहिला. राहीबाईने बूट पुसून दिले. जरिनाने ते छातीशी धरले आणि जाता जाता एवढेच विचारले, "राहीमावशी, शिट्टी कुणाकडं होती?"

राहीबाईने मागे घराच्या दाराकडे पाहिले. जरिनानेही तिकडे पाहिले आणि ती गेली.

त्या संध्याकाळी राहीबाईने धनाजीचा शर्ट धुवायला घेतला. खिशाचे बटण काढले. मी तिच्या हाती आले.

पुढचा रविवार. नवा दोर, नवे पाहुणे. क्रांतीच्या मनगटाला अजून मागे फिरल्याचा जुना तुकडा होता. आठवडा संपला तरी तिने तो काढला नव्हता. दोर तुटला. पोरे सुटली. आणि स्वयंपाकघराच्या दारातून राहीबाईने मला फुंकले. तीन आखूड. केरबा फुंकायचा तश्शा. माझा मणी इतक्या वर्षांनी तसा नाचला.

पोरे आणखी जोरात पळाली.

त्यांचा काय दोष? रोजच्या सरावात शिट्टी म्हणजे पळायचे, एवढेच त्यांना शिकवले होते. राहीबाई जसजशी फुंकत राहिली, तसतशी पोरे आणखी जीव तोडून पळाली. एकटी क्रांती थांबली. अर्थ तिलाही माहीत नव्हता. पण तिने मागे वळून पाहिले, की फुंकतंय कोण. मग ती हात पसरून रस्त्यात उभी राहिली. पोरे तिला वळसा घालून गेली.

"आई, दे ती इकडं," धनाजी धावत आला.

"कशाला?" राहीबाई म्हणाली. "तुला कुठं वाजवता येती?"

आता मी स्वयंपाकघरात खिळ्याला असते. रोज सकाळी चुलीवर पाणी ठेवले, की राहीबाई मैदानाच्या कडेला येते आणि क्रांतीला तीन आखूड शिकवते. दोघीतिघी आणखी येऊन उभ्या राहतात. पलीकडे धनाजीचे भाषण चालूच असते. दोर अजून रविवारी तुटतो. बूट घेऊन गेलेली जरिना पुन्हा आली नाही.

मित्रांनो, जुन्या वस्तू शेवटी म्हणतात, आम्हाला जपा. मला जपू नका. पितळेला काय होतंय? तुम्ही उद्या मोठे व्हाल, तुमच्या मागे माणसे पळतील. तेव्हा मला खिशात ठेवा, हरकत नाही. फक्त वर बटण लावू नका.