पारड्यातला निळा दोरा

मित्रांनो, मी एक जुना क्रमकाटा आहे. तुमच्या गावी माझ्यासारखे काही नसावे, म्हणून आधी माझे काम सांगतो. मला काशाची दोन पारडी आहेत. डाव्या पारड्यात कारणाचा भार पडतो, उजव्यात परिणामाचा. चूल पेटली की डावे पारडे झुकते. मग छपरातून धूर निघतो आणि उजवे झुकते. हा क्रम कधी उलटू नये, एवढ्यासाठी उलाई नदीच्या दरीवर, उंच मनोऱ्यात मला टांगले आहे.

मी नव्हतो तेव्हा दरीतली माणसे आधी रडत आणि मग कशासाठी रडलो ते शोधत फिरत. कोणाच्या अंगावर वण उठे आणि तो बिचारा जखमेची वाट पाहत बसे. अखेर लोकांनी घाटावरच्या साऱ्या घंटा वितळवल्या, कारण माणसे मरण्याआधीच त्या वाजू लागल्या होत्या. त्याच धातूतून माझा जन्म झाला. अजूनही वारा पडला की माझ्या आत काहीतरी वाजल्यासारखे होते. मी ते ऐकण्याचे टाळतो.

सुरुवातीला माझे फार कौतुक झाले. दर अमावास्येला घराघरांतून चमचा चमचा अक्रोडाचे तेल वर येई आणि माझ्या दांडीच्या आसात सोडले जाई. पण सुरळीत चालणाऱ्या वस्तूची आठवण कोण ठेवतो? हळूहळू ते तेल लोकांच्या फोडणीत जाऊ लागले. आस कोरडा पडला, आणि कधीकधी उजवे पारडे आधी झुकू लागले.

लोक घाबरले नाहीत, हेच नवल. त्यांनी एक रीत पाडली. परिणाम आधी आला, तर सूर्य मावळण्यापूर्वी त्याला कारण पुरवायचे. घरात ओली पावले उमटली की घरातले कोणीतरी नदीत पाय भिजवून येई आणि त्याच ठशांवर पाऊल ठेवत आत शिरे. कोणा म्हातारीचा गाल सुजला, तर शेजारीण हसत विचारी, "मारायला मी येऊ, का सून पुरेल?" कारण मिळाले नाही तर परिणाम अंधार पडल्यावर स्वतःच कारण शोधत निघतो आणि मग कोणाचे दार ठोठावील याचा नेम नसतो, हे सर्वांना ठाऊक होते. घाटावरचे वडीलधारे योमात तर म्हणत, "काटा कशाला हवाय? आपलं आपण जुळवून घेतो की."

एके दिवशी दुपार कलल्यावर माझी राखणदारीण सेइरू धापा टाकत वर आली. तिच्या हातात एक जळता दिवा होता. तिच्यामागून योमात आले, आणि सर्वांत शेवटी तिचा नवरा होदान. तो नाव चालवीत असे. माझे उजवे पारडे पहाटेपासून पार खाली गेले होते, त्यामुळे काय झाले ते मला माहीत होते. त्या सकाळी होदानच्या वल्ह्याला निळा दोरा गुंडाळलेला दिसला होता. असा दोरा बुडून मेलेल्या नावाड्याच्या वल्ह्यालाच बांधतात. उंबऱ्यावर शोकाचा दिवा जळत होता; तोच आता सेइरूच्या हातात होता. तो कोणी लावला, हे कोणालाच आठवत नव्हते. शेजाऱ्यांनी मयताच्या घरी न्यावयाचा भात आणून ठेवला होता, आणि होदानने तोच खाल्ला होता. सेइरू तर झोपेतून उठली तीच रडत.

योमात वाईट मनाचे नव्हते. ते पायरीवर बसले. मग खालच्या आवाजात म्हणाले, "तुला काय सांगायचं, होदान. तू आज नदीत गेला नाहीस, तर रात्री हे दुसऱ्या कोणाच्या घरात शिरेल. खाली पोरंबाळं आहेत रे."

"जातो ना, काका," होदान म्हणाला. "स्वतःच्या मयताचा भातसुद्धा जेवून झालाय. मीठ जरा कमी होतं."

"तू गप्प बस," सेइरू म्हणाली. "काका, या आसात तेल शेवटचं कधी पडलं, ते सांगा."

योमातांनी कोपऱ्यातला तेलाचा बुधला उलटा करून पाहिला; थेंबही पडला नाही. दरीत उतरून तेल आणावे, तर तोवर सूर्य मावळला असता. सेइरूने हातातल्या दिव्याकडे पाहिले. आमच्याकडे शोकाचा दिवा कोणी विझवीत नाही. मेलेल्याला त्याच उजेडात वाट दिसते, अशी समजूत आहे. तिने फुंकर मारून तो विझवला आणि त्यातले कोमट तेल माझ्या आसात ओतले.

दांडी हलली. माझ्यात वितळलेल्या साऱ्या घंटा एकदम वाजल्या. उजवे पारडे सावकाश वर आले, आणि त्याच्या तळाशी निळा दोरा पडलेला होता. होदानने पोटावर हात ठेवला आणि गोंधळून विचारले, "मला एवढी भूक का लागलीय?"

दिवा, दोरा, भात, सारे मी परत घेतले. सेइरूच्या डोळ्यांतून गेलेले पाणी मात्र मला परत घेता आले नाही.

मित्रांनो, मरण थांबवणे माझ्या हाती नाही. वेळेआधी आलेले दुःख त्याची वेळ होईपर्यंत मी सांभाळून ठेवतो, एवढेच. होदानचे केस पिकले, आणि मग एका हिवाळ्यात त्याची नाव उलटली. त्याच्या मयताला सेइरू रडली नाही. दगडाची बाई आहे, असे लोक म्हणाले. तिचे रडणे केव्हाच होऊन गेले होते. ती वर आली, माझ्या पारड्यातून तो दोरा उचलला आणि दांडीवर हात ठेवून म्हणाली, "पुष्कळ दिवस दिलेस रे."

आता सेइरूही नाही. तेलाचा बुधला रिकामा आहे आणि माझा आस पुन्हा करकरतो आहे. आज सकाळी मनोऱ्याच्या जिन्यावर, धुळीत, पावले उमटली. लहान, अनवाणी, खाली उतरत गेलेली. वर चढलेले एकही पाऊल नाही. दरीतली माणसे घराबाहेर गवताच्या वहाणा घालतात, तेव्हा ही पावले त्यांची नव्हेत. तुमच्यापैकीच कोणीतरी इथे येऊन जाणार आहे. तेल घालायला की नुसते पाहायला, हे पावलांवरून मला कळत नाही.

येताना चमचाभर तेल घेऊन या, मित्रांनो. सूर्य कलला आहे.