भिकाच्या नावानं

नविनभाऊंना सगळं पसंत पडलं. मुलगा पसंत, मुलाची जीप पसंत, घरावरचा नवा पत्रा पसंत, मुलाच्या आईच्या, बारकीच्या हातचा गुळाचा चहासुद्धा पसंत. तलासरीहून मोटारसायकलवर आलेला माणूस, सरकारी कचेरीत कारकून, पँटीला कडक इस्त्री. ओट्यावर बसून दोन कप चहा पोटात गेला आणि बशी खाली ठेवता ठेवता ते म्हणाले, "एकच गोष्ट आहे, बारकीबाई. नाव."

"कुणाचं नाव?"

"मुलाचं हो. आता भिका म्हणजे... कसं सांगू तुम्हाला."

"सांगा की. सांगण्यासारखं असेल तर सांगा."

"कविता माझी शिकलेली आहे, लॅबमध्ये कामाला आहे. आमची सोसायटी आहे, चार लोक ओळखतात. पत्रिकेवर मी काय छापू? चिरंजीव भिका? हसतील लोक. त्यापेक्षा भावेश करून टाका. आजकाल कुणीही करतं."

बारकीनं नवऱ्याकडे, लहान्याकडे बघितलं. तो अंगणातल्या कोंबड्यांकडे बघत होता. बायको तापायला लागली की या माणसाला कोंबड्यांत फार गोडी वाटते. भिका फाटकाजवळ जीपची काच पुसत होता, आणि मघापासून तीच काच पुसत होता, म्हणजे कान इकडेच होते.

"भाऊ," बारकी म्हणाली, "तुम्ही कासाजवळच्याच पाड्यावर वाढलात. भिका नाव कसं पडतं ते तुम्हाला मी सांगायचं?"

"माहीत आहे हो. पण ते जुनं झालं."

जुनं झालं म्हणे! बारकीच्या अंगाचा तिळपापड झाला. भिकाच्या आधीची दोन लेकरं तिनं मातीत दिली होती. पहिलं पाचवी पुजायच्या आधीच गेलं. दुसरं चांगलं रांगायला लागलं होतं, त्याचं नाव तर शाळेच्या मास्तरांना विचारून ठेवलं होतं, उमेश. किती गोड नाव! पाड्यावर तेव्हा कुणाचं नव्हतं. त्या गोड नावाचं पोर एका पावसाळ्यात तापानं हातातल्या हातात गेलं. तिसऱ्या वेळी हिरी सुईणीनं नाळ कापली आणि दटावून सांगितलं, "याला आपलं म्हणू नकोस. मागून आण."

मग बारकी ओल्या अंगानं उठली. पोर पदराखाली धरून घरोघर उभी राहिली आणि पोराच्या नावानं मागितलं. कुणी मूठभर तांदूळ दिले, कुणी नागली, कुणी गोधडीचा तुकडा. चार घरं पाड्यावरची. पाचवं घर किनाऱ्याकडच्या चिखल्याच्या चिकूवाडीचं, जिथं ती आणि लहान्या चिकू उतरवायला जायचे. वाडीच्या मालकिणीनं आपल्या मुलाचं जुनं झबलं दिलं होतं. असं पोर मागून आणलेलं, म्हणजे ते आपलं नव्हेच. न्यायला येणारा आला तरी कुणाच्या दारातून नेणार? म्हणून भिका.

आणि हे नाव काही बारकीनं घरात बसून काढलेलं नाही. पाड्यापाड्यावर एकतरी भिका सापडतो. लाडात भिक्या, रागातही भिक्या, म्हातारा झाला की भिकाबाबा. मुलगी असली तर भिकी. खाली किनाऱ्याला वाडीवाल्यांकडे गेलं की त्यालाच मागे जी लागतो, भिकाजी, आणि वाडी मोठी असली तर वर रावसुद्धा. तलासरी ओलांडून गुजरातेत उतरलं की तोच भिखुभाई होऊन दुकानाच्या पाटीवर झोकात बसतो. सगळ्यांचं कूळ एकच. कुठल्यातरी बाईचं घर रिकामं झालेलं असतं आणि तिनं लाज सोडून पदर पसरलेला असतो.

"भाऊ, ती चिखल्याची भिकाजी बाग, आम्ही चिकू उतरवायचो ती, तुम्हाला ठाऊक आहे ना?" बारकीनं विचारलं.

"गोविंदरावांची? हो तर! आमचे साहेब चिकूला तिथंच जातात."

"ते भिकाजी म्हणजे गोविंदरावांचे आजोबा. तेही मागून आणलेले. मालकीणच सांगायची. तिथं पाटी वाचून तुमचे साहेब हसतात का हो?"

"ते भिकाजी वेगळे, बारकीबाई."

"वेगळे कसे? जमीन वेगळी."

नविनभाऊ उठले. पायात बूट घालता घालता म्हणाले, "माझा आग्रह नाही. पण भावेश झाल्याशिवाय पुढचं बोलणं नाही." आग्रह नाही, म्हणे! मोटारसायकल गेली, धुरळा ओट्यावर बसला, आणि लहान्यानं कोंबड्यांवरची नजर काढली.

"तुझं तू बघ," तो म्हणाला आणि आत गेला.

भिका येऊन आईजवळ बसला. पोरगा काही भांडखोर नव्हता. कासाहून पाड्यांवर जीप चालवणारा, म्हाताऱ्यांना दारापर्यंत सोडणारा. "आये, जाऊ दे ना," तो म्हणाला. "कागदावर भावेश, घरात भिका. काय बिघडतं?"

"पाच घरांना विचारलंस?"

"आता कोण विचारतं घरांना!"

"कोण म्हणजे? ज्यानं आपल्या हातानं तुझ्या नावाचं पदरात टाकलं, त्याचा त्या नावावर हक्क. लग्नात पहिली हळद त्या घरांची. नाव टाकायचं तर त्यांचं त्यांना परत द्यावं लागतं, आणि त्यांनी घ्यावं लागतं. आणि ज्यानं दिलं, त्यानं जन्मभर त्या नावाला वाईट म्हणायचं नाही. तुझा होणारा सासराही हे जाणतो, सोसायटीत राहिला म्हणून विसरला नसेल."

"आये."

"काय आये? ती पोरगी काय म्हणते?"

"म्हणते, पप्पांना समजावून बघते."

"म्हणजे तिला चालतं की नाही चालत?"

भिकानं मान खाली घातली. "मला तिच्याशी लग्न करायचंय, आये," एवढंच तो हळू आवाजात बोलला.

त्या दिवसापासून तिला घास गोड लागेना. हट्ट धरावा तर पोराचं मन मोडतं, मुलगी हातची जाते. हट्ट सोडावा तर? न्यायला येणाऱ्याला आपण फसवलं, हे तिला खरंच वाटत होतं का? कुणी तोंडावर विचारलं असतं तर तिनं शिवी हासडली असती. पण भिका लहानपणी तापला की ती त्याच्या उशाशी बसून एकच बोलायची, माझा नाही हा, पाच घरांचा आहे, आणि सकाळी पोर उठून पेज मागायचं. आता ते नाव काढून टाकायचं आणि पुन्हा त्या पाच दारांशी जाऊन त्याला आपला म्हणायचं? भीती वाटत होती तिला, साधी, उघडी भीती, आणि भीती वाटते म्हणून आणखी राग येत होता.

पंधरवडा गेला. एका शनिवारी ती विहिरीवरून आली, तर भिका जीपच्या मागे ब्लेड घेऊन उकिडवा बसलेला. मागच्या काचेवर लाल-पिवळ्या रंगात भिका लिहिलेलं होतं. त्यातला भि गेला होता. खाली रंगाची सालपटं पडली होती.

"नविनभाऊंचा फोन आला होता," तो आईकडे न बघता म्हणाला. "मी हो म्हटलं. पत्रिका छापून आली." मोबाईलवर त्यानं फोटो दाखवला. बारकीला वाचता येत नव्हतं, पण आपल्या पोराचं नाव काचेवर रोज बघून तिला त्याचा आकार पाठ होता. पत्रिकेवर तो आकार कुठंच नव्हता.

ती ओरडली नाही. हंडा उतरवला, आत गेली आणि पेटीतलं चांगलं लुगडं काढून ठेवलं. लहान्यानं विचारलं, "कुठं?" ती म्हणाली, "उद्या सोयऱ्यांकडे."

"भांडायला?"

"मागायला."

रविवारी सकाळी ती भिकाच्या जीपनं गेलीच नाही. दुसऱ्याच्या जीपनं चारोटीला आली, तिथून बस धरून तलासरीला उतरली. वाटेत दोनदा वाटलं, परत फिरावं. पोरगी दार लावून घेईल. भिका जन्मभर तोंड बघणार नाही. पण परत फिरून करायचं काय? पोराला काचेवरचा उरलेला ‘का’ खरवडताना बघत बसायचं? ती विचारत विचारत सोसायटीत पोचली.

खाली सावलीत बायका वाल सोलत बसल्या होत्या. नविनभाऊंचं घर तळमजल्यालाच होतं, दार उघडं होतं. बारकी उंबऱ्याच्या अलीकडे उभी राहिली, पदर दोन्ही हातांनी पसरला आणि खड्या आवाजात म्हणाली, "वाढा हो माय! भिकाच्या नावानं वाढा!"

वाल सोलणारे हात थांबले.

नविनभाऊ बनियनवर बाहेर आले. अर्ध्या गालावर दाढीचा साबण होता. "बारकीबाई? अहो काय हे? आत या, आत या."

"आत सोयरी येते. मी आज मागायला आले आहे."

"हळू बोला हो, लोक बघतायत."

"बघू देत की. मी काय चोरी करते? दोन पोरं गेली माझी, तिसरं मागून जगवलं. तेव्हा पाच दारी उभी राहिले, तेव्हाही लोक बघतच होते. वाढा हो माय, भिकाच्या नावानं वाढा!"

वरच्या मजल्यावरून कुणीतरी डोकावलं. वाल सोलणाऱ्यांपैकी एक बाई कळवळून म्हणाली, "अहो नविनभाऊ, द्या ना काहीतरी बिचारीला. उन्हातून आली दिसते." बिचारी म्हटल्याचं बारकीला लागलं. पण पदर तिनं तसूभरही खाली घेतला नाही.

तेवढ्यात आतून कविता आली. केस ओले, हातात वाडगा, वाडग्यात काठोकाठ तांदूळ. बारकीनं तिला एकदाच पाहिलं होतं, तेव्हा पोरगी मान वर करत नव्हती. आज ती सरळ बारकीच्या डोळ्यांत बघत चालत आली. देते? ही पोरगी देते?

"तू आत जा!" नविनभाऊ खेकसले. पोरीनं दारात उभं राहून, सगळ्या सोसायटीसमोर, हे असलं करायचं? त्यांनी तिच्या हातातला वाडगा हिसकावला आणि एकदाची ब्याद टळावी म्हणून सगळे तांदूळ बारकीच्या पदरात ओतले. "घ्या! झालं समाधान? आता आवाज बंद करा."

आत त्यांची बायको संगीता उभी होती. तिनं तोंडाला पदर लावला. "अहो," ती म्हणाली, "काय करून बसलात?"

"काय केलं?"

"तुमच्या हातानं दिलंत."

नविनभाऊंनी वाडग्यात बघितलं. वाडगा रिकामा होता. मग त्यांच्या चेहऱ्यावर हळूहळू उजाडलं, साबणाच्या बाजूलाही आणि बिनसाबणाच्या बाजूलाही. पाड्यावर वाढलेला माणूस, त्याला समजावून सांगायची गरज नव्हती.

बारकीनं पदराची गाठ मारली. "सहावं घर," ती म्हणाली. "आता पहिली हळद तुमचीही, भाऊ. आणि या नावाला वाईट बोलायचं तोंड तुम्हाला राहिलं नाही."

"हे असलं पाड्यावरचं इथं चालत नाही!"

"चालत नाही?" बारकीनं मारलेली गाठ सोडली आणि पदर पुन्हा त्यांच्यापुढे धरला. "मग घ्या परत. घ्या ना! तुमच्या हातानं दिलेत, तुमच्या हातानं उचला. आणि उचलताना म्हणा, या पोराचं जगणं मला नको. म्हणा, तुमच्या लेकीच्या समोर म्हणा. मी एक शब्द न बोलता जाते आणि तुमचा भावेश तुम्हाला पाठवून देते."

नविनभाऊंचा हात थोडा पुढे आला. पदरापर्यंत येऊन तिथंच थांबला, आणि मग त्यांनी तो पाठीमागे नेला. काही झालं तरी आईच्या पदरातलं पोराच्या नावाचं धान्य उचलण्याइतका तो माणूस वाईट नव्हता.

"पप्पा, तुम्ही नसतं दिलं तर मी देणारच होते," कविता म्हणाली. रडत होती आणि हसतही होती. "मला भावेश कोण ते माहीतच नाही. फोनवर मी भिकाशीच बोलते." ती पुढे आली आणि बारकीच्या पाया पडली. बारकीला तिला उचलून धरायचं होतं, पण दोन्ही हात पदराला अडकलेले, मग तिनं पोरीच्या ओल्या केसांवर नुसती हनुवटी टेकवली.

वाल सोलणारी ती मघाची बाई उठून जवळ आली होती. तिला राहवेना. "नविनभाऊ," तिनं विचारलं, "कोण हो या?"

नविनभाऊंनी गालावरचा साबण उघड्या हातानंच पुसला. एकदा लेकीकडे बघितलं, एकदा बारकीकडे. "माझ्या जावयाची आई," ते म्हणाले.

"अगंबाई! कविताचं ठरलं? आणि जावयाचं नाव काय?"

ते पायांकडे बघत काहीतरी पुटपुटले.

"मोठ्यानं सांगा, भाऊ," बारकी म्हणाली. "त्यांना ऐकू नाही आलं."

"भिका," नविनभाऊ म्हणाले, आणि वरच्या मजल्यावरच्यांनाही ऐकू जाईल असं पुन्हा म्हणाले, "भिका नाव आहे त्याचं."