उमरठच्या फणसावरचा मॉन्स्टेरा

महाडच्या बाजारपेठेत कमलाकरांचं बी-बियाण्यांचं दुकान होतं. दुकानावरच्या दोन खोल्यांत त्यांच्या बायकोनं, सुनीतीनं, कुंडीत मॉन्स्टेरा नावाचा शोभेचा वेल वाढवला होता. पुण्याहून आणला तेव्हा त्याला चारच पानं होती. आता तो छताला टेकला होता. एकेक पान परातीएवढं, कडेनं कापलेलं, मध्ये भोकं पडलेलं. क्रिकेटचा सामना लागला की कमलाकरांना एका हातानं पान बाजूला धरून बसावं लागे.

"हा तरी राहील, नाहीतर टीव्ही तरी," एका रविवारी ते वैतागले.

सुनीतीला ते पटत होतं, पण कापायचा धीर होईना. शाळेतून शिकवून आलं की ओल्या फडक्यानं पानं पुसत बसायचं, हाच तिचा विसावा. खत न्यायला आलेल्या उमरठच्या हैबतींनी मग तोडगा काढला.

"वैनी, परसात फणस हाय. त्याच्या बुडात लावतो. जाईल वर."

झाड टेम्पोतून गेलं. रिकाम्या कोपऱ्यात सुनीतीनं काहीच ठेवलं नाही. कमलाकरांच्या ते लक्षात होतं. दोन-तीन वर्षांनी, दिवाळीच्या सुट्टीत, ते आपणहून म्हणाले, "चल, उमरठला जाऊन येऊ."

मॉन्स्टेरा फणसाला वेढे घालत फांद्यांत शिरला होता. पानं सुपाएवढी झालेली. सुनीती मान वर करून बघतच राहिली. हैबतींची बायको, बनुबाई, हसत म्हणाली, "कणसं धरल्यात, बघितलंत का? यांनी एक चावलं. दिसभर जीभ खाजत व्हती."

"मला वाटलं, मक्यासारखं लागंल," हैबती ओशाळले.

"अहो, आमच्याकडे याला फूलसुद्धा आलं नाही!" सुनीती हरखून गेली. "पण वरचे खवले आपोआप गळू लागल्याशिवाय खायचं नाही, असं वाचलंय मी."

पुढच्या वर्षी हैबती कागदात गुंडाळलेलं एक फळ घेऊन आले. खोलीभर अननसासारखा वास सुटला. सुनीतीनं पांढरा गर ताटलीत काढला. कमलाकरांनी आधी चिमूटभर घेतला, मग अर्धी ताटली संपवली.

"अजून आहेत का हो?"

"हायत की. पण आमच्या हिनं बजावलंय, वैनींच्याच हातात द्यायची. तुमी वैनींना इचारा."

सुनीती हसली आणि उरलेला गर तिनं आधी हैबतींपुढे केला.