वही चार, वही नऊ

अंधेरीत हातातला एक जन्म धड निभावताना माणूस मेटाकुटीला येतो. तरीही तिथे, स्टेशनपासून दहा मिनिटांवर, पिठाच्या गिरणीच्या माडीवर ‘कालशोध अकादमी’ नावाची संस्था होती आणि तिचे बावीस सभासद दर शनिवारी आपला दुसरा जन्म वहीत लिहून आणून देत. हसू नका. १९८६ साली लोक याहून खुळचट गोष्टींसाठी जिने चढत होते, आणि इथे निदान चहा चांगला मिळायचा.

अकादमी सहदेवराव परबांची. ट्रॉम्बेला यंत्रं दुरुस्त करण्यात त्यांची नोकरी सरली होती. त्यांचं म्हणणं असं की प्रत्येक निर्णयाशी काळाला फाटा फुटतो. आपण एका वाटेने येतो, आणि दुसऱ्या वाटेने गेलेले आपण तिकडे नांदतच असतो. सभासदाने आपला फाटा निवडायचा आणि तिकडचा आठवडा लिहायचा. वहीवर नाव नाही, नुसता आकडा. कोणता आकडा कुणाचा, हे फक्त सहदेवरावांना माहीत. वहीबद्दल घरातसुद्धा अवाक्षर काढायचं नाही. एकमेकांना न विचारता दोन वह्यांत तिकडची एकच जागा उतरली की तिकडचं जग सिद्ध झालं, आणि या एका गोष्टीची ते सात वर्षं वाट बघत होते. अट एकच, ती जागा इकडे नसली पाहिजे. इकडे असली तर दोघांनी ती नुसती पाहिलेली असणार. म्हणून पडताळणी.

पडताळणी रत्नप्रभा सावंतकडे होती. रेशनिंग ऑफिसात कार्डावरची माणसं खरोखर त्या घरात राहतात का, हे बघण्यात तिची सोळा वर्षं गेली होती. मेलेल्या आजोबांच्या नावावर साखर उचलणारे, सासरी गेलेल्या मुलीचा गहू खाणारे, सगळे तिला दारातच ओळखू यायचे. अकादमीत तिला आणलं नवऱ्याने, दत्तारामने. खरं सांगायचं तर त्या दोघांना एकत्र बसायला दुसरं निमित्तच उरलं नव्हतं. मूल नाही, सासूबाई जाऊन चार वर्षं झालेली, आणि दत्ताराम सांताक्रूझच्या विमानतळावरून घरी यायचा तो तोंड मिटूनच. शनिवारी परतताना मात्र तो काळाबद्दल भरभरून बोलायचा. तेवढ्यावर ती आठवडा काढायची. आणि सहदेवरावांना ती वडिलांच्या जागी मानायची.

मार्चातल्या एका शनिवारी सगळे खाली उतरल्यावर सहदेवरावांनी तिला थांबवलं. 

“ताई, जुळली. वही चार आणि वही नऊ.”

त्यांनी दोन्ही वह्यांतलं सारखं तेवढं एका कागदावर उतरवलं होतं. वर्सोव्याला धक्क्यापाशी एक खोली. निळं दार, त्याची खालची फळी बदललेली आणि ती हिरवी. खिडकीतून मढला जाणारी होडी दिसते. घरमालकीण अंगणात बोंबील वाळत घालते, चहात साखरेऐवजी गूळ टाकते. दोन्ही वह्यांत गेले सहा आठवडे वार गुरुवारच.

रत्नप्रभाच्या अंगावर काटा आला. घरी तिने दत्तारामला काही सांगितलं नाही, नियम म्हणजे नियम. पण आनंद लपवण्याच्या नादात तिने आमटीत दोनदा मीठ घातलं.

बुधवारी अर्धी रजा टाकून ती बसने वर्सोव्याला गेली. दार नसू दे, एवढंच देवाकडे मागत होती. दार होतं. निळं, आणि खालची फळी हिरवी. गेली सहदेवरावांची सात वर्षं पाण्यात, असं तिच्या मनात आलं आणि तिला म्हाताऱ्याची कीव आली. अजूनही तिला स्वतःबद्दल काही वाटायचं कारण नव्हतं.

अंगणात एक म्हातारी बोंबील उलटे करत बसली होती. सोनूबाई तिचं नाव.

“खोली बघाला आलीस? ती दिलेली हाय,” ती म्हणाली.

“कुणाला?” रत्नप्रभाने ऑफिसच्या सवयीने विचारलं.

“सावंत म्हनून हायेत. दत्ताराम सावंत, इमानतळावर हायेत कामाला. नवरा-बायको. घरात सासू लय कजाग, म्हनून बिचारी गुरवारची दुपारची येतात. बाय लय गोड. उंच, गोरी, पोस्टात हाय. रत्नप्रभा तिचा नाव.”

अकादमीत पोस्टातली एकच बाई होती. उंच, गोरी, खिडकीपाशी बसणारी नीला. रत्नप्रभाने तिला दोनदा घरी जेवायला बोलावलं होतं.

सोळा वर्षांत तिने लोकांची किती खोटी नावं कार्डावरून कापली असतील. तिचं स्वतःचं नाव असं वापरात असेल, हे तिला कधी शिवलंही नव्हतं.

“आनी तुजा नाव काय गो?” सोनूबाईने विचारलं.

जे नाव होतं ते तर इथे दिलेलं होतं. “नीला,” ती म्हणाली.

बसमध्ये तिला रडू आलं नाही, चीड आली. खोलीची आलीच, नावाची त्याहून जास्त आली. आणि या दोघांच्या आळशीपणाची तर हद्द झाली होती. अख्खं जग कल्पनेने लिहायची मुभा असताना दोघांनी आपापले गुरुवार जसेच्या तसे वहीत उतरवले होते, आणि नियम मात्र इतका काटेकोर पाळला होता की वहीत काय लिहितो हे एकमेकांनाही सांगितलं नव्हतं. बायकोला फसवताना जनाची नाही मनाची नाही, आणि अकादमीशी कसे इमानदार.

तीन दिवस ती घरात गप्प राहिली. दत्तारामच्या ते लक्षातही आलं नाही.

शनिवारी ती अर्धा तास आधी माडीवर पोचली आणि सहदेवरावांना सगळं सांगितलं. ते चष्मा पुसत ऐकत होते. त्यांना धक्का बसलेला दिसला नाही.

“ताई, तुम्ही ‘नाही’ लिहा,” ते म्हणाले.

“काय?”

“इकडे नाही, असं लिहा. वर्सोव्याला कोण जातंय बघायला? तुमचं घर वाचेल, अकादमी वाचेल. दोघांनी ठरवून लिहिलेलं नाही, एवढं तरी खरं आहे ना?”

“वही चार कुणाची हे तुम्हाला ठाऊक होतं. नऊसुद्धा. मग मलाच का पाठवलंत?”

सहदेवरावांनी चष्मा डोळ्यांवर चढवला. मग म्हणाले, “दुसरं कुणी गेलं असतं तर बघून आल्याबरोबर बोललं असतं. बायको झाकेल, असं वाटलं.”

दत्तारामने नाव पळवलं होतं, या माणसाने तिच्या मुकाट सोसण्याचा हिशेब आधीच धरून ठेवला होता. तिला वाटलं, त्यापेक्षा नवरा परवडला.

सभा भरली. सहदेवरावांनी जुळणी जाहीर केली, तेव्हा माडीवर टाळ्या झाल्या. ‘वर्सोवा, निळं दार’ हे शब्द ऐकताच शेजारी बसलेल्या दत्तारामने खुर्चीची कड घट्ट धरली. खिडकीपाशी नीला मान खाली घालून बसली.

“प्रभा, नाही म्हण,” दत्ताराम ओठ न हलवता पुटपुटला. “घरी बोलू. तुझ्या पाया पडतो.”

रत्नप्रभा उठली आणि तिने ऑफिसात वाचायची तसा अहवाल वाचला.

“जागा, वर्सोवा, धक्क्याजवळ. इकडे आहे. भाडेकरू, दत्ताराम सावंत आणि पत्नी रत्नप्रभा. येण्याचा वार, गुरुवार.”

श्यामसुंदर म्हणून एक भोळसट गृहस्थ होते. ते हसून म्हणाले, “म्हणजे वहिनी, तुमचीच खोली की ती! मग आधी नाही का सांगायचं?”

“माझी नाही,” ती म्हणाली. “मी बुधवारी पहिल्यांदा गेले.”

मग कुणी हसलं नाही. हळूहळू सगळ्यांनी आधी दत्तारामकडे पाहिलं, मग खिडकीकडे. रत्नप्रभा उभीच होती. आता कुणीतरी काहीतरी म्हणेल, निदान ‘बसा’ तरी म्हणेल, अशी वाट बघत.

सहदेवरावांनी घसा खाकरला. “ताईंची मनःस्थिती आज ठीक नाही. अशा मनःस्थितीतली पडताळणी शास्त्राला धरून होत नाही. कुणीतरी पुन्हा जाऊन बघावं, असं मी सुचवतो.” त्यांनी माडीवरून नजर फिरवली. “दत्ताराम, तुम्ही जाल?”

दत्तारामने तिच्याकडे पाहिलं नाही.

“जाईन,” तो म्हणाला.

“मान्य असेल त्यांनी हात वर करा.”

सात वर्षं वाट बघितलेली माणसं होती ती. एकेक हात वर गेला. श्यामसुंदर जरा घुटमळले, मग त्यांनीही केला. शेवटी नीलाने केला.