नळीचं दुसरं टोक

उसिलंपट्टी आणि आसपासच्या गावांत आपण एकही वाकडी भिंत बांधलेली नाही, असं चेल्लैया मेस्त्री ऐकणाऱ्याला आणि न ऐकणाऱ्यालाही सांगत असे. खरं म्हणजे त्यातलं अर्धं श्रेय पेचियम्माळचं होतं. तो गवंडी, ती त्याची बायको आणि त्याच्याच हाताखालची बिगारीण. बत्तीस वर्षं पाण्याने भरलेल्या पारदर्शक नळीचं एक टोक त्याच्या हातात आणि दुसरं तिच्या. पाणी दोन्ही टोकांना एकाच उंचीवर येऊन थांबतं, त्यावरून पातळी धरायची. तो पलीकडून ओरडायचा, "थांबलं का?" पाणी हलायचं राहिलं की ती म्हणायची, "थांबलं." मग तो पेन्सिलने रेघ मारायचा. घरी ती त्याला 'अहो' म्हणे, कामावर मात्र सगळ्यांसारखं 'मेस्त्री'.

आता नऊ दिवस तो मदुरैच्या एका इस्पितळात पडून होता. डोक्यात रक्तस्राव झाला आणि त्या रक्ताने मेंदूतल्या पाण्याची वाट बुजली. डॉक्टरांनी कवटीला छिद्र पाडून बारीक नळी आत घातली आणि तिचं दुसरं टोक खाटेशेजारच्या दांडीवर टांगलं. आतला दाब वाढला की दांडीवरच्या भांड्यात पाणी थेंबाथेंबाने उतरायचं. दाब आटोक्यात आला होता. तो डोळे उघडायचा, पण बोलत नव्हता आणि कोणाला ओळखतही नव्हता.

"ते स्वतःहून एक शब्द बोलले ना, की मी निर्धास्त होईन," डॉक्टरीणबाई म्हणाल्या होत्या. त्या एका शब्दासाठी पेचियम्माळ उशाशी ठाण मांडून बसली होती. एरवी ज्याच्या बडबडीने तिचे कान किटायचे, त्याच्या एका शब्दासाठी! माणसाचं हे असं असतं.

सिस्टर जसिंता तोंडाने फटकळ आणि हाताने हळुवार. पहिल्याच दिवशी तिने बजावलं होतं, "अम्मा, नीट ऐका. दांडीवरची ही शून्याची खूण यांच्या कानाच्या पातळीत हवी. डोकं वर गेलं आणि दांडी तिथेच राहिली, तर पाणी भसाभसा उतरेल, पुन्हा रक्तस्राव व्हायचा. डोकं खाली गेलं तर पाणी आतच तुंबेल. खाट हलवायच्या आधी नळीवरची ही तोटी बंद करायची. आणि हे सगळं मी करणार. तुम्ही कशाला हात लावायचा नाही."

"पाण्याचीच नळी ना, सिस्टर? आमचं पोट तिच्यावरच चाललंय," पेचियम्माळ म्हणाली होती.

दहाव्या दिवशी सकाळी चेल्लैयाची थोरली बहीण पोन्नुत्तायी देवळातली विभूती घेऊन आली. तिला उशाशी बसवून पेचियम्माळ चहा आणायला खाली गेली. आता आडव्या माणसाच्या कपाळाला विभूती लावतात ती तो गेल्यावर, हे पोन्नुत्तायीच्या मनात पक्कं. भाऊ तर जिवंत होता! त्याला बसतं करायला तिने खाटेच्या पायथ्याचं, उशाकडची बाजू उचलायचं हँडल शोधलं आणि बिचारी मायेने गरागरा फिरवत सुटली.

पेचियम्माळ दारात आली. नवऱ्याचं डोकं हातभर वर आलं होतं, दांडी होती तिथेच होती, आणि भांड्यात थेंबांऐवजी धार लागली होती. चहाचे दोन्ही पेले जमिनीवर गेले. कशाला हात लावायचा नाही, हे तिला आठवलंही असेल. पण नऊ दिवस ती सिस्टरचे हात बघत होती. तिने नेमकी तीच तोटी फिरवली आणि ओरडली, "सिस्टर!"

धार थांबली. जसिंता धावत आली, पाठोपाठ डॉक्टरीणबाई.

"खाट कोणी उचलली?" जसिंताने विचारलं.

"मी, बाई, मी," पोन्नुत्तायी रडायला लागली. "त्याला आडव्याने विभूती कशी लावू?"

डॉक्टरीणबाईंनी चेल्लैयाच्या डोळ्यांत बॅटरी मारून पाहिली, भांड्यातलं पाणी पाहिलं. "वाचलो. तोटी वेळेत बंद झाली. खाट खाली घ्या, पातळी पुन्हा लावा, मगच उघडा," असं सांगून त्या पलीकडच्या खाटेकडे गेल्या.

खाट खाली आली, पण पातळी बघायची वॉर्डातली छोटी पाणसळ कोणीतरी उचलून नेली होती. जसिंता एक डोळा मिटून, वाकून अंदाज घेऊ लागली.

"डोळ्याने?" पेचियम्माळ म्हणाली. "डोळ्याने लावलेली वीट आमचे मेस्त्री उखडायला लावतात, सिस्टर."

"मग करा तुम्हीच, मेस्त्रीणबाई!" जसिंता म्हणाली, पण कपाटातून सलाइनची कोरी नळी काढून तिने स्वतःच तिच्यात पाणी भरलं. एक टोक तिने दांडीवरच्या शून्यापाशी धरलं, दुसरं पेचियम्माळने नवऱ्याच्या कानापाशी. नळीतलं पाणी वरखाली झुलू लागलं.

पेचियम्माळ सवयीने पलीकडच्या हाकेची वाट पाहत राहिली. पण जसिंताला ती हाक कुठून माहीत असणार? आपण कोणाची वाट बघतोय हे पेचियम्माळच्या ध्यानात आलं आणि तिला भडभडून आलं. नळी मात्र तिने सोडली नाही.

तेवढ्यात उशीवरून, गंजलेल्या बिजागरीसारखा आवाज आला.

"थांबलं का?"

चेल्लैयाचे डोळे तिच्या हातातल्या नळीवर खिळले होते. पोन्नुत्तायीचं रडणं जागच्या जागी थांबलं. जसिंताने शून्यावरचं बोट हलू दिलं नाही, पण तिचे डोळे भरले होते.

पेचियम्माळचा हात असा थरथरत होता, की नळीतलं पाणी काही केल्या एका जागी ठरेना.

"नाही हो, मेस्त्री," ती म्हणाली. "अजून हलतंय."

"मग हात नीट धर की," तो म्हणाला.