खाली जाणारा पियानो

पहिला अल्बम, एकेचाळीस मिनिटं

पियानो अर्धा सूर खाली गेला, तेव्हा विल्सन चार बोटं बुटका झाला. वसईच्या खाऱ्या हवेत पियानो खाली जाणारच. बँडचा नियम होता की पियानोच्या तारांना हात लावायचा नाही, बाकीच्यांनी त्याच्याशी जुळवून घ्यायचं. पियानो सायमनच्या दिवंगत सासऱ्यांचा, नियम सायमनचा. त्याप्रमाणे विल्सननं गिटारच्या तारा सैल केल्या, ड्रमरनं ड्रमची कातडी सैल केली आणि सायमनची बायको ब्लांश अर्धा सूर खाली गायली. गाणी जोरकस, उड्या मारत वाजवायची होती. विल्सननं पॅन्ट आखूड करून घेतली.

दुसरा, अठ्ठावन्न मिनिटं

आणखी तीन सूर खाली. गाणी संथ झाली. बँड प्रगल्भ झाला, असं वर्तमानपत्रात आलं. ब्लांश आता हुबेहूब तिच्या वडिलांच्या आवाजात बोलायची.

विल्सन सायमनला म्हणाला, "सासरे परत हवे होते तर चर्चमध्ये त्यांच्या नावानं मिस्सा ठेवायची. बँड कशाला काढलास?"

ब्लांश हसली. कपाटातल्या बश्या वाजल्या.

तिसरा, दोन तास दहा मिनिटं

ब्लांशचा आवाज कानांच्या खाली गेला. श्रोते चपला काढून बसत. गाणं तळपायांना लागे. बँडला बक्षीस मिळालं. ड्रमरला काठ्या उचलवेनात, तो त्यांच्याशेजारी नुसता बसून राही.

घरी ब्लांशनं काही मागितलं की सायमन जमिनीला हात लावून बघायचा. मीठ की पाणी ते कळायचं नाही, म्हणून दोन्ही घेऊन जायचा. तिच्या तोंडून स्वतःचं नाव ऐकून त्याला अकरा महिने झाले होते.

चौथा, अजून चालू आहे

सायमननं नियम मोडला. तारा जुळवणाऱ्या जुझेकाकांना बोलावलं. काकांनी झाकण उघडून बराच वेळ आत पाहिलं.

"वर ओढता येईल," ते म्हणाले. "पण जे जे याच्याशी जुळवलंय, तेही याच्याबरोबर ओढलं जाणार. इतक्या सैल पडलेल्या तारा. चारातली एक तुटते."

"आणि नाही ओढल्या तर?"

"तर आणखी खाली. खाली जागा पुष्कळ आहे."

विल्सन आता स्टुलाएवढा उरला होता. माझं सोड, तिला विचार, असं त्यानं सांगितलं.

सायमननं ब्लांशच्या गळ्यावर तळवा टेकवला आणि विचारलं. तिनं उत्तर द्यायला सुरुवात केली. थरथर लांबलचक होती. 'हो'ला किती वेळ लागतो आणि 'नको'ला किती, हे त्यानं कधी मोजलं नव्हतं.

"काय म्हणते?" काकांनी विचारलं.

"बोलतेय अजून."

काका थोडा वेळ थांबले. मग, मधली एकच ओढून बघतो, असं म्हणून त्यांनी किल्ली लावली. थरथर थांबली नव्हती. सायमनच्या तळव्याखाली ब्लांशच्या गळ्यातली एक शीर हळूहळू ताठ व्हायला लागली.